पाणघोड्यांची तक्रार आणि थीब्जचे युद्ध

अव्हारिसचा राजा अपोफिस थीब्जच्या सेकेनेन्रे राजाकडे दूत पाठवतो. निरोप असा, की तुझ्या शहराच्या पूर्वेला जे तळे आहे त्यातले पाणघोडे तिथून हलव. त्यांच्या ओरडण्याने मला दिवसा झोप नाही आणि रात्रीही नाही. अव्हारिस नाईलच्या त्रिभुज प्रदेशात आणि थीब्ज पार दक्षिणेत. नदीच्या वाटेने दोहोंमध्ये सातशे किलोमीटरहून जास्त अंतर. निरोप ऐकून सेकेनेन्रेची बोबडी वळते. तो दूताला पोटभर खाऊ घालतो, राजाची इच्छा पुरी करू असे सांगून त्याची बोळवण करतो आणि मग दरबार भरवतो. दरबारीही चिडीचूप. तिकडे अपोफिस दुसरा निरोप धाडायला घेतो आणि तिथेच, वाक्य अर्धे असताना, गोष्ट तुटते. पपायरस काही तिथे फाटलेला नाही. नक्कल करणाऱ्या लेखनिकाने हात आवरला आणि त्याच गुंडाळीवर पत्रलेखनाचे नमुने उतरवायला घेतले. या लेखनिकाचे नाव पेंतावेरेत. तो फेरो मेर्नेप्ताहच्या काळातला, म्हणजे इ.स.पू. तेराव्या शतकाच्या अखेरीचा. त्याची गुंडाळी आज ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. गोष्टीतले दोन्ही राजे त्याच्या जन्माआधी तीनशेहून अधिक वर्षांपूर्वी होऊन गेलेले होते.

इजिप्तचे राजे आणि त्यांच्या लढाया यांवरच्या ऐतिहासिक कादंबऱ्या म्हटल्या की आपल्याला इजिप्तबाहेरचे लेखक आठवतात. स्वतः इजिप्तविद्येचा प्राध्यापक असलेला जर्मन गेओर्ग एबर्स, 'फेरो' ही कादंबरी लिहिणारा पोलिश बोलेस्वाफ प्रूस, पुढे विल्बर स्मिथ. पण जुन्या युद्धावर नवी गोष्ट रचण्याचा हा उद्योग मुळात इजिप्तचाच, आणि तिथल्या कथाकारांनी या एका युद्धापुरती जी वाट पाडली ती विसाव्या शतकापर्यंत मोडली नाही. ती वाट अशी: ज्याने आधी शस्त्र उचलले त्याला आधी अपमान सोसलेला दाखवायचे. समकालीन पुरावा पाहिला तर थीब्जने हे युद्ध जमीन, कर आणि नदीवरचा ताबा यांसाठी, पुरता विचार करून पेटवले असे दिसते. गोष्टीत मात्र थीब्जवर युद्ध लादले जाते. माझे सारे म्हणणे या उलथापालथीबद्दल आहे.

अपोफिस ज्यांचा राजा, त्या लोकांना आपण हिक्सोस म्हणतो. इ.स.पू. 1650 ते 1550 या सुमाराच्या शतकात उत्तर इजिप्त त्यांच्या ताब्यात होता. परकी टोळधाड आली, शहरे जाळली, देवळे पाडली आणि सिंहासन बळकावले, हे त्यांचे प्रचलित चित्र आपल्यापर्यंत येते ते मानेथो या इजिप्शियन पुरोहिताकडून. तो इ.स.पू. तिसऱ्या शतकातला आणि त्याचा मजकूर टिकला तो इ.स. पहिल्या शतकातल्या जोसेफसने उतरवून घेतला म्हणून. घटनेपासून हे दोघेही इतके दूर, की त्यांना साक्षीदार म्हणणे अवघडच. अव्हारिसची जागा, म्हणजे आजचे तेल अल-दबा, 1966 पासून मानफ्रेड बीटाक आणि त्यांचे सहकारी खणत आले आहेत. तिथे दिसते ते निराळेच. हिक्सोसांची राजवट सुरू होण्याच्या कितीतरी पिढ्या आधीपासून पश्चिम आशियातून आलेली माणसे या बंदरात राहत होती, त्यांची घरे आणि थडगी तिथेच होती. तिथल्या दातांच्या रासायनिक तपासणीवर 2020 मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध झाला. बाहेर वाढलेली माणसे बरीच, आणि त्यांत स्त्रिया लक्षणीय, असा त्याचा निष्कर्ष. चालून आलेल्या फौजेची दफनभूमी अशी नसते. अपोफिस स्वतः इजिप्शियन राजनाम लावत होता. त्याच्या कारकिर्दीच्या 33व्या वर्षी आहमोस नावाच्या लेखनिकाने गणिताची एक जुनी पोथी नव्याने उतरवून काढली. भूमितीच्या इतिहासात 'ऱ्हाइंड पपायरस' म्हणून जिचा उल्लेख येतो, ती हीच. जिला पुढे 'संस्कृतीचा नाश करणारी' म्हटले गेले, त्या राजवटीच्या वर्षाची नोंद इजिप्तच्या सर्वांत प्रसिद्ध गणितग्रंथावर आहे.

आता युद्ध. समकालीन साक्षींत सर्वांत बोलका आहे सेकेनेन्रेनंतरचा थीब्जचा राजा कामोस. त्याने कर्नाकच्या देवळात दोन शिलालेख उभारले. पहिल्याचा मजकूर आधी सापडला तो शिळेवर नव्हे, एका विद्यार्थ्याच्या लाकडी पाटीवर. 1908 मध्ये लॉर्ड कार्नार्व्हन आणि हॉवर्ड कार्टर यांना ती थीब्जच्या एका थडग्यात मिळाली. तिच्या दुसऱ्या बाजूला नीतिवचनांचा धडा गिरवलेला आहे. काही अभ्यासकांना कामोसचा हा मजकूर निव्वळ रचलेला वाटला होता. 1930 च्या दशकात मूळ शिळेचे तुकडे हाती आले तेव्हा तो वाद मिटला. दुसरा लेख 1954 मध्ये कर्नाकलाच मिळाला. पहिल्या लेखात कामोस दरबारात तक्रार मांडतो, की उत्तरेला एक राजा, दक्षिणेला कुशचा एक, आणि इजिप्तचा एकेक तुकडा घेऊन बसलेल्या या दोघांच्या मध्ये मी. आशियाई लोकांच्या करांनी माणसाला चैन नाही. दरबारी काय म्हणतात ते नीट ऐकण्यासारखे आहे. आपल्या वाट्याच्या इजिप्तमध्ये आपण सुखाने आहोत, असे ते सांगतात. दक्षिणेची सीमा भक्कम आहे, त्यांच्याकडची उत्तम शेते आपल्यासाठी नांगरली जातात, आपली गुरे त्रिभुज प्रदेशातल्या कुरणांत चरतात, आपल्या डुकरांना तिथून धान्य येते आणि गुरे कुणी पळवलेली नाहीत. उद्या कोणी आपल्यावर चालून आलाच तर लढू. राजाला हे रुचत नाही. तो उत्तरेकडे गलबते हाकतो. पहिला घाव बसतो तो नेफ्रुसी या गावावर, आणि तिथला प्रमुख कोण, तर पेपीचा मुलगा तेती: नावाने अस्सल इजिप्शियन, पण अव्हारिसच्या बाजूचा.

यावर पहिला आक्षेप सहज निघतो. धीट राजा आणि भित्रे दरबारी हा तर इजिप्शियन राजलेखांचा ठरलेला साचा. मेगिड्डोच्या मोहिमेआधी तिसऱ्या थुटमोसचे सरदार अरुंद खिंडीतून जायला कचरतात आणि राजा तीच वाट धरतो, तोही हाच प्रवेश. मग दरबाऱ्यांच्या तोंडच्या बोलण्याला पुरावा कसे म्हणावे? आक्षेपात तथ्य आहे. दरबार भरला, असेच बोलणे झाले, हे मीही गृहीत धरत नाही. पण साच्यात फक्त भीती पुरली असती. डुकरांचे धान्य आणि कुरणातली गुरे हा तपशील साच्याला लागत नाही. तो लिहिला गेला कारण लेख ऐकणाऱ्या थीब्जवासीयांना तो रोजच्या माहितीतला होता. शिवाय दुसऱ्या शिलालेखात याहून भक्कम गोष्ट आहे. ओअॅसिसच्या वाटेने कुशकडे निघालेला अपोफिसचा जासूद कामोसच्या माणसांनी पकडला आणि त्याच्याजवळचे पत्र राजाने जसेच्या तसे दगडात कोरून घेतले. त्या पत्रात अपोफिस कुशच्या राजाला चिथावतो: तू चालून ये, याची गावे दोघे वाटून घेऊ. त्याच श्वासात तो तक्रारही करतो की मी कामोसची कुरापत काढली नसताना तो माझ्या मुलखावर चालून आला. ही ओळ कामोसने गाळली नाही. खोडून काढायलाही तिच्यावर एक शब्द लिहिला नाही. आपण आधी हल्ला केला, हा आरोप त्याच्या लेखी झाकण्याचा विषयच नव्हता. ती फुशारकी होती. अव्हारिसच्या महालाच्या गच्चीतून डोकावणाऱ्या स्त्रियांना तो बिळातून बघणाऱ्या सरड्याच्या पिलांची उपमा देतो, लुटलेल्या गलबतांतले सोने, लाजवर्द, तांब्याच्या कुऱ्हाडी, धूप, तेल, मध यांची यादी वाचतो आणि अपोफिसच्या मळ्यातली द्राक्षे पिळून प्यायल्याचे सांगतो. शहर मात्र त्याला घेता आले नाही.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे, कारण तो प्रत्यक्ष देहावर कोरलेला आहे. दैर अल-बहरीच्या गुप्त कोनाड्यातून 1881 मध्ये ज्या राजांच्या ममी बाहेर निघाल्या, त्यांत सेकेनेन्रे होता. गास्तों मास्पेरोने 1886 मध्ये त्याच्या पट्ट्या सोडल्या तेव्हा कपाळावर कुऱ्हाडीचा घाव, गाल आणि नाकाजवळ फुटलेली हाडे आणि कानामागे भोसकल्याची जखम दिसली. पुढे या जखमांचा मेळ तेल अल-दबाला मिळालेल्या कुऱ्हाडींशी घालून पाहण्यात आला. 2021 मध्ये सहर सलीम आणि झाही हवास यांनी केलेल्या सीटी स्कॅनच्या अभ्यासाचा निष्कर्ष असा, की सुमारे चाळिशीतल्या या राजाचे हात बहुधा बांधलेले होते आणि अनेकांनी मिळून त्याला ठार केले. लेप देणाऱ्यांनी कवटीवरच्या काही जखमा भरावाखाली झाकल्या. मग थीब्जचा राजाच मारला गेला असताना 'थीब्जने आधी शस्त्र उचलले' असे कसे म्हणायचे? म्हणता येते. राजा कसा मेला हे प्रेत सांगते, तो तिथे का गेला होता हे सांगत नाही. पकडलेला राजा हा लढलेला राजा असतो. ती लढाई कोणाच्या अंगणात झाली, एवढाच प्रश्न उरतो. थीब्जच्या उत्तरेला दैर अल-बल्लास येथे सेकेनेन्रेच्या काळात एक राजवाडा आणि वसाहत उभी राहिली, ती उत्तरेच्या मोहिमांचा तळ म्हणून, असे मानायला जागा आहे. नुसते बचाव करणारे राज्य असा तळ पुढे सरकवत नाही. आणि मला सर्वांत बोलकी वाटते ती एक शांतता: कामोसच्या उपलब्ध मजकुरात सेकेनेन्रेच्या मृत्यूचा उल्लेख नाही. सूड हे युद्धाचे कारण असते तर ते दगडात कोरायला याहून चांगली जागा कोणती होती? कादंबरीकाराला जे सूत्र पहिल्या प्रथम सुचते, ते त्या पिढीच्या राजाला सुचले नाही किंवा गरजेचे वाटले नाही.

त्याच पिढीतला एक शिपाईही आपल्याशी बोलतो. एल-काबचा आहमोस, एबाना या बाईचा मुलगा. बाप सेकेनेन्रेच्या पदरी शिपाई होता, मुलगा बापाच्या जागी 'रानबैल' नावाच्या गलबतावर रुजू झाला. लग्न व्हायच्या आधी जाळीच्या झोळीत झोपत होतो, असे तो सांगतो. पुढे कामोसनंतर गादीवर आलेल्या, त्याच्याच नावाच्या आहमोस राजाच्या रथामागे पायी चालत तो अव्हारिसच्या वेढ्यात लढला. त्याचे आत्मवृत्त थडग्याच्या भिंतीवर आहे, आणि त्यात परक्यांच्या जुलमाबद्दल, जळलेल्या देवळांबद्दल, देशाच्या अब्रूबद्दल अक्षर नाही. आहे तो हिशेब: अमक्या लढाईत एक हात कापून आणला, राजाने शौर्याचे सोने दिले, अव्हारिस पडले तेव्हा एक पुरुष आणि तीन बायका मिळाल्या, राजाने त्या चौघांना माझे गुलाम म्हणून दिले, मग शारुहेनला तीन वर्षे वेढा. शत्रूचा हात कापून बक्षीस घेण्याची ही चाल इजिप्तने कदाचित शत्रूकडूनच उचलली असावी, कारण अव्हारिसच्या हिक्सोसकालीन महालासमोरच्या खड्ड्यांत कापलेले उजवे हात सापडले आहेत, किमान 12 माणसांचे. रथ आणि घोडे तर उघडच तिकडून आले. ऱ्हाइंड पपायरसच्या मागच्या कोऱ्या जागेतही कोणीतरी या मोहिमेची टिपणे केली आहेत: हेलिओपोलिस पडले, मग दक्षिणेच्या राजपुत्राने सीमेवरचे त्यारू घेतले, सेत देवाच्या वाढदिवशी गडगडाट झाला, इसिसच्या वाढदिवशी पाऊस पडला. गणिताच्या वहीमागे घाईने खरडलेल्या या ओळींत थीब्जचा आहमोस नुसता 'दक्षिणेचा राजपुत्र' आहे. लिहिणारा कोणत्या बाजूचा होता याची कल्पना करता येते. बखर आणि अस्सल कागद यांतला फरक मराठी वाचकाला शिकवायला नको. इथे अस्सल कागद असे आहेत.

मग अपमानाची कथा आली कुठून? माझ्या मते ती विजयानंतर आली आणि विजयी घराण्याला तिची गरज होती. हातशेप्सुत ही राणी हिक्सोसांनंतर दोन-तीन पिढ्यांनी, एका देवळाच्या लेखात, अव्हारिसमध्ये आशियाई असल्यापासून जे पडझडीला आले ते मी उभारले, ते लोक सूर्यदेवाला न मानता राज्य करत होते, असे सांगते. पुनर्बांधणीचे श्रेय हवे तर आधी कोणीतरी पाडलेले असावे लागते. उलट बाजूचा पुरावा दक्षिणेतून येतो. एल-काबलाच सोबेकनख्त नावाच्या अधिकाऱ्याच्या थडग्यात एक लेख सापडला, तो ब्रिटिश म्युझियमच्या तुकडीने 2003 मध्ये जाहीर केला. त्यानुसार याच काळात कुशने वावात, पुंत आणि मेद्जाय लोकांची कुमक घेऊन एल-काबवर मोठा हल्ला केला होता. हा खरा हल्ला थेट थीब्जच्या मुलखावर झाला, तरी पुढच्या कुठल्या फेरोने त्याची गोष्ट केली नाही. कुशशी लढायला पुढच्या फेरोंना गाऱ्हाण्याची गरज पडली नसावी. ते प्रदेश जिंकायचे होते आणि ते जिंकले गेले. आशिया मात्र पुढची चार शतके इजिप्तच्या स्वाऱ्यांचे मुख्य मैदान राहिला, आणि तिथे जाणाऱ्या प्रत्येक फौजेला 'ते आधी इथे आले होते' हे वाक्य उपयोगी होते.

पेंतावेरेतच्या पाणघोड्यांकडे या नजरेने पाहिले तर एक गंमत दिसते. मेर्नेप्ताहची राजधानी पी-रामेसीस अव्हारिसच्या अगदी शेजारी, जुन्या शहराचा काही भाग पोटात घेऊन वसलेली. त्याच्या आजोबांचे नाव सेती, म्हणजे सेत देवाचा. बाप दुसरा रामेसीस; त्याने अव्हारिसच्या सेताच्या 400 वर्षांचा उत्सव शिळेवर नोंदवला आणि त्या शिळेवर सेत आशियाई वेशात उभा आहे. आणि त्यांच्याच अमलातला लेखनिक लिहितो की अपोफिस सेताशिवाय दुसऱ्या देवाला भजत नसे! ज्या देवाच्या गावात आपला राजा राहतो, त्याच देवाची भक्ती शत्रूच्या वेडेपणाची खूण. गोष्ट थट्टेची असावी आणि पेंतावेरेतला ती गंभीर इतिहास म्हणून सांगायची नसावी, हे मान्य. पण थट्टेतही युद्धाचे कारण बदललेले आहे. कुरणे गेली, कर गेले, नेफ्रुसीचा तेती गेला. राहिला एक उद्धट निरोप. मानेथोपर्यंत पोचता पोचता थट्टाही गळून गेली आणि उरली आग.

विसाव्या शतकात हा निरोप पुन्हा जिवंत केला इजिप्शियन कादंबरीकार नगीब महफूझने. 'किफाह तिबा', थीब्जचा लढा, ही त्याची कादंबरी 1944 मध्ये आली. त्याआधी 'अबस अल-अकदार' आणि 'रादुबीस' या प्राचीन इजिप्तवरच्या दोन कादंबऱ्या त्याने लिहिल्या होत्या आणि देशाचा सगळा इतिहास कादंबऱ्यांतून मांडण्याचा त्याचा बेत होता. तो नंतर त्याने सोडला आणि कैरोच्या गल्ल्यांकडे वळला. 'किफाह तिबा' सुरू होते ती अपोफिसचा दूत गलबतातून थीब्जला येतो तिथून, आणि मागण्यांत पाणघोडे आहेतच. महफूझचे हिक्सोस गोरे, दाढीवाले, इजिप्शियन शेतकऱ्याला तुच्छ लेखणारे आहेत. ब्रिटिश फौजा देशात ठाण मांडून असताना आणि तुर्की वंशाचे सरदार राजवाड्याभोवती असताना हे वर्णन वाचकाने कोणाला लावायचे ते सांगावे लागत नव्हते. इथे तिसरा आक्षेप येतो, आणि तो मला सर्वांत प्रामाणिक वाटतो: कादंबरीकाराकडून शिलालेखाची अपेक्षा का? महफूझला 1944 चा इजिप्त लिहायचा होता. त्या इजिप्तवर खरोखरच कोणीतरी चालून आले होते आणि अपमान रोजचा होता. हे मी बिनतक्रार मानतो. त्याने अपमानाचे सूत्र शोधून काढले नाही. पेंतावेरेतच्या गुंडाळीत ते तयार होते आणि त्याच्या काळाला चपखल बसले. माझी हरकत त्या वाचनाला आहे, जे कादंबरीतला वसाहतवाद उचलून इ.स.पू. सोळाव्या शतकावर नेऊन ठेवते आणि मग मानेथोला त्याचा दाखला म्हणून आणते. त्याने इतिहास पुरा उलटा होतो: प्राचीन युद्धातले साम्राज्य थीब्जचे होते, आणि अव्हारिस पडल्यावर त्या साम्राज्याने कुशपासून सीरियापर्यंत पाय पसरले. कादंबरीतला वसाहतवादी मात्र अव्हारिसचा आहे.

तरी शेवटाला महफूझने एक गोष्ट मानेथोच्या आगीपेक्षा त्याच्या तहाशी जुळवली. जोसेफसने उतरवलेल्या वृत्तांतात अव्हारिस वेढ्याने पडत नाही. हिक्सोस करार करून, बायकामुलांसह, निघून जातात. महफूझच्या कादंबरीतही शेवट कत्तलीने होत नाही; कैदी इजिप्शियनांच्या बदल्यात शत्रूला वाट मोकळी मिळते, आणि आहमोसला अपोफिसच्या मुलीवरचे प्रेम सोडून द्यावे लागते. बीटाक यांच्या उत्खननाला तेव्हा वीसेक वर्षे अवकाश होता. अव्हारिसच्या शेवटच्या थरांत त्यांना सगळ्या शहराला लागलेल्या आगीची राख मिळाली नाही. बराच भाग नुसता रिकामा झाला होता, आणि त्याच परंपरेची भांडी पुढच्या राजवटीतही घडत राहिली. म्हणजे काही कुंभार तरी गेले नव्हते.